पहिल्या नंबरच्या खडावा

तोराकिचीनं बावीस वर्षांत एकही चित्रपट पाहिला नव्हता, तरी त्याच्याइतके चित्रपट किताहोरी गावात दुसऱ्या कुणाला ठाऊक नव्हते. आमच्या थिएटरच्या दारात तो जोडे सांभाळायचा. दार आणि हॉल यांच्यामध्ये एक जाड निळा पडदा होता. पडद्याच्या आत मी बोलायचो आणि बाहेर तो ऐकायचा.

त्या काळी चित्रपट मुके असत. पांढऱ्या पडद्याच्या डाव्या बाजूला, छोट्या मेजाशी उभं राहून राजाचं, चोराचं, पोर गेलेल्या आईचं, सगळ्यांचं बोलणं एकट्यानं बोलायचं, हे आम्हा बेन्शी लोकांचं काम. नटांची नावं लोक विसरायचे, बेन्शीचं नाव मात्र दारावर हातभर अक्षरांत लागायचं. माझं नाव गेक्को. मी चांगला होतो हे मीच सांगतो, कारण सांगणारे आता फारसे उरलेले नाहीत.

पण ही गोष्ट तोराकिचीची आहे. माझा भाग मध्ये मध्ये येईल आणि तो ऐकायला बरा वाटणार नाही.

तोराकिची ठेंगणा, आखडलेल्या मानेचा. तरुणपणी लाकडाच्या वखारीत उजव्या हाताची दोन बोटं गेलेली, तरी उरलेल्या आठ बोटांनी तो एका वेळी खडावांचे सहा जोड उचलायचा. गिऱ्हाईक आलं की तो चेहऱ्याकडे बघायचाच नाही. खाली बघून बोलायचा.

"या, तोफूवाले! डाव्या खडावेचा खालचा दात झिजलाय की हो. पाय मुरगळला म्हणजे मग दोष बायकोला द्याल."

मग जोड उचलून फळीवर आणि लाकडी बिल्ला गिऱ्हाइकाच्या हातात. खेळ सुटला की माणूस बिल्ला दाखवून पायरीपर्यंत पोचायच्या आत त्याचे जोडे बाहेरच्या दिशेला तोंड करून ठेवलेले असायचे. नुसते पाय घालायचे आणि निघायचं. गर्दी तीनशेची असो की तीसची, बावीस वर्षांत एकही जोड इकडचा तिकडे झाला नाही. त्याचा त्याला गर्व होता आणि तो गर्व तो लपवतही नसे.

गावातल्या बायका त्याच्याकडे येऊन चौकशी करायच्या.

"तोराकाका, आमचे हे आत आहेत का हो?"

"आहेत. तिसरा खण, चव्वेचाळीस नंबर." किंवा मग, "नाहीत वहिनी. आणि कालही नव्हते. आता माझं नाव सांगू नका म्हणजे झालं."

त्याचं नाव अर्थातच सांगितलं जायचं. नवरे येऊन त्याच्यावर ओरडायचे. तो म्हणायचा, "जोडे इथं तर माणूस इथं. जोडे नाहीत तर माणूस नाही. मी काय करू?" गावात कुणी ते नाकारलं नाही. एकदा चोरीच्या प्रकरणात पोलिसांनीसुद्धा एका पोराला तोराकिचीच्या शब्दावर सोडून दिलं होतं.

दुपारचा खेळ संपला की तो माझ्या खोलीत चहा घेऊन यायचा आणि प्रश्न विचारायचा. प्रश्न एकाच जातीचे असायचे.

"मास्तर, ती बाई पुलावरून उडी टाकते ना, तेव्हा तिच्या पायात काय होतं?"

"मला काय माहीत? रडवायचं काम माझं. पाय कोण बघतंय!"

"मी तिला कशी बघू मग? तुम्ही सांगाल तेवढीच मला दिसते."

दुसऱ्या दिवसापासून मी माझ्या बोलण्यात पाय घालायला लागलो. 'तिनं आपल्या लाल पट्ट्यांच्या चपला पुलावर जोडून ठेवल्या' असं म्हटलं की हॉलमध्ये बायका हुंदके द्यायच्या. लोक म्हणायला लागले की गेक्कोची नजर काय बारीक आहे. ती नजर तोराकिचीची होती, पण हे मी कधी कुणाला सांगितलं नाही.

माझ्याही जोड्यांची निगा तोच करायचा. माझ्या खोलीला मागच्या गल्लीत उघडणारं एक दार होतं. तिथं माझ्या चपला असायच्या, चामड्याच्या तळाच्या, पांढऱ्या पट्ट्यांच्या. स्टेजवर मी पांढऱ्या मोज्यांवर उभा राहायचो. अख्ख्या गावात पांढऱ्या पट्ट्यांच्या चपला माझ्याच होत्या. मला तेवढी मिजास होती.

आता कुरोसे मालकांबद्दल. गावातली मोठी रेशीम गिरणी त्यांची. निम्मं गाव त्यांच्याकडे कामाला. आमच्या स्टेजचा मखमली पडदा त्यांनी दिलेला, माझा कुळचिन्हाचा काळा अंगरखाही त्यांनीच शिवून दिलेला. माडीवरची मधली बैठक त्यांची राखीव, आणि दारात पहिल्या नंबरचा बिल्लाही त्यांचाच. पावलोनियाच्या लाकडाच्या उंच खडावा, आवाज न करणाऱ्या. तोराकिची त्या उचलायच्या आधी हात पुसायचा. पण दोन वर्षांत अमेरिकेत रेशमाचे भाव कोसळले होते, गिरणीच्या वखारीत कोष साठून पडले होते, आणि मालक हसताना पूर्वीसारखे दिसत नव्हते.

ती डिसेंबरची दुपार होती. रस्त्यावर बर्फाचा चिखल झाला होता. मालक खेळाला आले, माडीवर जाऊन बसले. चौथं रीळ चालू असताना आगीची घंटा वाजली. मी थांबलो, वादकांनी हात थांबवले, दिवे लागले. माडीवर मालक सगळ्यांच्या देखत उभे राहिले आणि ओरडले, "कुठं? कुठं लागलीय?" मग खाली धावत आले, तोराकिचीनं खडावा पुढे केल्या आणि ते पळाले. त्यांची कोषांची वखार पेटली होती. संध्याकाळपर्यंत तिथं फक्त दगडी जोतं राहिलं.

त्या दिवशी घरी जाताना मी मागच्या दारात चपलांत पाय घातले. त्या ओल्या होत्या. मी त्या सकाळी कोरड्या काढून ठेवल्या होत्या. आणि त्यांना रॉकेलचा वास येत होता.

मला लगेच कळलं असं मी म्हणणार नाही. पण घरापर्यंतच्या वाटेत कळलं. माडीवरून एक जिना माझ्या खोलीजवळ उतरत होता आणि अंधारात तो कुणालाही वापरता येण्यासारखा होता. घरी पोचलो, चपला बाहेर ठेवल्या, जेवायला बसलो आणि आईला म्हणालो की आज वांगी छान झालीत.

दुसऱ्या दिवशी तोराकिचीनं त्याच चपला शेगडीजवळ धरून वाळवल्या, कापडानं पुसल्या आणि मला म्हणाला, "मास्तर, चामडं फुगलंय. चिखलात खडावा घालाव्यात माणसानं." मी हं म्हटलं.

पोलिसांनी वखारीचा पहारेकरी हेइझोला पकडलं. हेइझो प्यायचा, हे सगळ्यांना माहीत होतं. त्याच्या चौकीत शेगडी होती, हेही खरं. तो म्हणत राहिला की घंटा वाजायच्या बराच आधी मालकांना वखारीच्या मागच्या लहान फाटकातून बाहेर पडताना त्यानं पाहिलं, तोंडावर गळपट्टा गुंडाळलेला. पोलीस तोराकिचीकडे आले. निगराणीला आमच्या थिएटरात बसणारा साकुमा हवालदारच आला होता.

तोराकिची ताठ उभा राहिला. मी शेजारीच होतो.

"पहिल्या नंबरच्या खडावा पहिल्या रिळापासून फळीवर होत्या. घंटा झाल्यावर मी स्वतः त्यांच्या पायाशी ठेवल्या. कोरड्या ठणठणीत होत्या. जोडे इथं तर माणूस इथं, साकुमासाहेब. बावीस वर्षं झाली."

साकुमानं लिहून घेतलं. तोराकिची एका अक्षरानं खोटं बोलला नव्हता. कोर्टातही त्यानं तेच सांगितलं. हेइझोला नुसत्या हलगर्जीपणाची शिक्षा झाली असती, ती मालकावर बालंट घेतलं म्हणून आणखी वाढली. फेब्रुवारीत निकाल लागला. पाच वर्षं.

मालकांना विम्याची रक्कम मिळाली. पंधरवड्यात त्यांनी आमच्या दारात जोड्यांसाठी नवीन मांडणी बसवून दिली. तीनशे खण, पॉलिश केलेलं लाकूड, प्रत्येक खणावर पितळी आकडा. वर छोटी पाटी, 'विश्वासू माणसासाठी'. तोराकिची पहिले दोन दिवस ती मांडणी नुसती पुसतच होता. येणाऱ्या जाणाऱ्याला म्हणायचा, "हात लावून बघा, हात लावून बघा. गाठ लागते का कुठं?"

हेइझोची बायको ओताने. नवरा आत गेल्यावर ती थिएटरच्या पायऱ्यांशी बसून गवती चपला विकायला लागली. तिला दुसरीकडे कुणी बसू देत नव्हतं, कारण सगळी दुकानं मालकांच्या जागेत. तोराकिचीनं बसू दिलं. एकदा दुपारी मी दाराशी तंबाखू ओढत होतो तेव्हा ती त्याला म्हणाली,

"तोराकाका, माझ्या मनात तुमच्याबद्दल काही नाही हं. तुम्ही बघितलं तेच सांगितलंत. आमच्याच माणसाला अक्कल नाही. खोटं तरी धड बोलावं! पोलिसांना म्हणे, मालकांच्या पायात पांढऱ्या पट्ट्यांच्या पातळ चपला होत्या. त्या चिखलात? मालक? साहेब हसून हसून लोळले म्हणे."

तोराकिचीच्या हातात कुणाच्या तरी खडावा होत्या. त्यानं त्या खणात ठेवल्या. मग परत काढल्या आणि दुसऱ्या खणात ठेवल्या. मी तंबाखू झटकली आणि आत गेलो.

खेळ संपल्यावर तो चहा न घेता आला.

"मास्तर, आगीच्या दिवशी तुमच्या चपला ओल्या कशानं झाल्या?"

"संडासला गेलो होतो मागं."

"तुमचा आवाज थांबला नव्हता."

"रीळ बदलताना गेलो, तोराकिची. काय पोलिसांसारखं विचारतोयस?"

"रीळ बदलायला किती वेळ लागतो ते मला माहीत आहे, मास्तर," तो म्हणाला. "तुमचा आवाज आत होता आणि तुमचे जोडे बाहेर फिरत होते. म्हणजे त्यांचे जोडे आत होते तेव्हा..." तो जमिनीवर बसला आणि आपल्या आठ बोटांकडे बघत राहिला. "मी त्या माणसाला गाडलं, मास्तर. शपथेवर गाडलं."

तेव्हा मी हो म्हणायला हवं होतं. मी म्हणालो, "तू उगाच डोक्याला ताप करून घेतोयस. हेइझोनं माझ्या चपला कधीतरी बघितल्या असतील, तेच त्याच्या तोंडून निघालं."

तो गेला. त्यानंतर तो मला पायांबद्दल काही विचारेनासा झाला. रोज ओतानेकडून गवती चपलांचे दोन दोन जोड विकत घ्यायला लागला. ते कुणाला देत नसे, वापरतही नसे. दाराशेजारच्या त्याच्या खोलीत भिंतीला टेकून ढीग वाढत गेला. ओताने म्हणायची, "देवमाणूस आहे हो तोराकाका," आणि तो तोंड फिरवायचा. नव्या मांडणीच्या पहिल्या खणात तो खडावा आता पाठमोरा होऊन ठेवायचा. मला हे सगळं दिसत होतं. मी एकदाही त्याच्यापाशी जाऊन बसलो नाही. मला अंगरखा दिसायचा, दारावरचं नाव दिसायचं, बेन्शीचा परवाना दिसायचा. आमचा परवाना पोलिसांच्या हातात असतो आणि मालकांचं बोट धरूनच मी तो मिळवला होता.

वरच्या कोर्टात हेइझोच्या अपिलाची तारीख वीस एप्रिल होती. त्या दिवशी नवीन काही पुढे आलं नाही तर पाच वर्षं कायम. आणि नेमका त्याच्या आदल्या आठवड्यात तोक्योहून तो चित्रपट आला.

त्या वर्षी तसल्या चित्रपटांचं पेव फुटलं होतं. श्रीमंतांचे बंगले, मोटारी, आणि आतली घाण. ह्यात एक बॅरन होता. धर्मादाय रुग्णालयासाठी जमवलेला पैसा तो खातो, आपल्या वाटेत आलेल्या कारकुनाचा खून करतो आणि आळ त्या कारकुनाच्या मित्रावर टाकतो. बंगल्याचा म्हातारा दरवान कोर्टात सांगतो की त्या रात्री मालक बाहेर पडलेच नाहीत. शेवटाकडे दरवानाचा चेहरा पडदाभर येतो. तो तोंड उघडतो. आणि पुढचा तुकडा गायब. सेन्सॉरनं कात्री लावली होती. उघडलेल्या तोंडावरून चित्र उडी मारून थेट बॅरनच्या मोटारीवर जायचं, मग समुद्र, मग समाप्त. तो काय बोलला, कुणाला पत्ता नाही.

असल्या भोकांवरून लोकांना अलगद पलीकडे नेणं हेच आमचं कसब. मंजूर संहितेत मला त्या जागी एकच ओळ दिली होती, 'म्हाताऱ्याच्या मनात काय होतं ते समुद्रालाच ठाऊक.' मी ती छान लांबवून म्हणायचो. व्हायोलिनवाला मागं सूर धरायचा. मागच्या उंच खुर्चीवर साकुमा हवालदार संहिता मांडीवर घेऊन ओळ ओळ ताडून बघायचा. असला चित्रपट म्हणून तो त्या आठवड्यात रोज हजर.

पहिल्या दिवशी खेळ सुटल्यावर तोराकिची दोन महिन्यांनी माझ्या खोलीत आला.

"तो दरवान पुढे काय म्हणतो?"

"कापलंय. कुणालाच माहीत नाही."

"त्याच्या पायात काय आहे?"

"गवती चपला," मी म्हणालो. खरंच होत्या.

दुसऱ्या दिवशी तो परत आला. "मास्तर, तिथं तुम्ही काहीतरी बोला ना."

"संहितेत नाही ते बोललो तर परवाना जाईल, येड्या."

तिसऱ्या दिवशी तोच प्रश्न. चौथ्या दिवशीही. पाचव्या दिवशी तो नुसता दारात उभा राहिला. मी म्हणालो, "तोराकिची, तू स्वतः पोलिसांकडे का जात नाहीस? माझ्या मागं काय लागलायस?"

"मी काय सांगू त्यांना?" तो म्हणाला. "माझ्याकडे खडावा आहेत, त्या खरं बोलतायत. चपला तुमच्या आहेत. माझं बोलणं तुमच्याशिवाय अर्धं आहे, मास्तर."

मी तोंडाला पावडर लावत होतो. लावतच राहिलो.

शनिवारी अठरा तारीख, शेवटचा दिवस. दुपारचा खेळ भरलेला होता. मालक बरेच दिवसांनी आले, माडीवर बसले. लोकांना दाखवायलाच आले असावेत की असल्या चित्रपटाला ते भीत नाहीत. माझा आवाज त्या दिवशी सुरेख लागला होता, आणि मला हे सांगायची लाज वाटते की मी त्यावर खूश होतो.

शेवटचं रीळ आलं. दरवानाचा चेहरा पडदाभर झाला. त्यानं तोंड उघडलं. मी श्वास घेतला. तेवढ्यात हॉलच्या टोकाचा निळा पडदा सरकला आणि उजेडाची एक पट्टी आत आली.

तोराकिची अनवाणी आत आला. बावीस वर्षांत पहिल्यांदा. त्याच्या एका हातात पहिल्या नंबरच्या खडावा होत्या, दुसऱ्या हातात माझ्या पांढऱ्या पट्ट्यांच्या चपला. लोकांच्या गुडघ्यांमधून वाट काढत तो स्टेजखाली आला. त्यानं वर पडद्याकडे एकदा बघितलं. चित्र मोटारीवर जाऊन पोचलं होतं. मग तो लोकांकडे तोंड करून उभा राहिला.

"मी बोललो ते चुकलं," तो म्हणाला. त्याचा आवाज लहान होता, पण वादक थांबले होते. "मी सांगितलं मालक आत होते, कारण त्यांच्या खडावा माझ्याकडे होत्या. मालक ह्या दुसऱ्या चपला घालून मागच्या दारानं गेले. मी दुसऱ्या दिवशी ह्या वाळवल्या, ह्यांना रॉकेलचा वास होता. नाकाला कळलं, डोक्याला कळलं नाही. मग डोक्याला कळलं तेव्हा माझ्या तोंडाला कुलूप लागलं. मला वाटलं, लोक म्हणतील तोराकिची चुकला. एवढ्यासाठी मी गप्प बसलो. एक निरपराध माणूस आत बसलाय आणि मी त्याच्या बायकोकडून चपला विकत घेतोय."

पुढच्या रांगेत तोफूवाला बसला होता, त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की तो चित्रपटासाठी रडतोय. सगळेच. गेक्कोनं शेवटच्या दिवशी काहीतरी नवीन केलंय, दरवानाला पडद्यातून खाली उतरवलंय, असं त्यांना वाटत होतं.

मागून साकुमाचा आवाज आला. त्याच्या हातातला दिवा माझ्या चेहऱ्यावर पडला.

"गेक्को मास्तर! हा काय प्रकार आहे? हे संहितेत आहे का?"

तोराकिचीनं माझ्याकडे मान वळवली. माझ्या पायांकडे नाही, थेट चेहऱ्याकडे. बावीस वर्षांत त्यानं माझ्या चेहऱ्याकडे असं कधी बघितलं नव्हतं. त्या नजरेत भीती नव्हती, विनवणीही नव्हती. मी बोलणार याची त्याला खात्री होती. एवढी वर्षं त्या निळ्या पडद्याआड बसून त्यानं माझ्या तोंडून सज्जन माणसं ऐकली होती.

'नाही' असा एक शब्द बोलायचा होता. हे संहितेत नाही. हे खरं आहे. चपला माझ्या आहेत.

"आहे, साहेब," मी म्हणालो. "म्हणजे, खेळाचाच भाग आहे. शेवटच्या दिवसाची गंमत. दंड काय असेल तो मी भरतो."

मग माडीवर टाळी वाजली. एकट्याची, सावकाश. मालक उभे राहून टाळ्या वाजवत होते. मग खालून एक, मग दहा, मग सगळं थिएटर. "वा तोराकाका!" "आजोबा, नटच व्हायचं होतंत!" लोक डोळे पुसत हसत होते. साकुमाही हसला आणि त्यानं दिवा खाली केला.

तोराकिची टाळ्या संपेपर्यंत तिथंच उभा होता. मग तो आला तसा परत गेला, कारण खेळ सुटला होता आणि लोकांना जोडे द्यायचे होते. त्यानं सगळ्यांना दिले. पहिल्या नंबरच्यासुद्धा. मी अर्धा तास खोलीत लपून बसलो. मागच्या दारात गेलो तर माझ्या चपला पुसून, बाहेरच्या दिशेला तोंड करून ठेवलेल्या होत्या. तो स्वतः गेला होता. गवती चपलांचा ढीग तेवढा खोलीत राहिला.

दुसऱ्या दिवशी तो पोलीस ठाण्यावर गेला होता, हे मला साकुमाकडूनच कळलं. "तुमचा म्हातारा भूमिकेतून बाहेरच येईना, मास्तर," साकुमा मला म्हणाला. "चहा पाजून घालवला." सोमवारी अपील फेटाळलं गेलं. हेइझो दुसऱ्या हिवाळ्यात छातीच्या दुखण्यानं तुरुंगातच गेला. त्याची राख आणायला ओतानेबरोबर तोराकिची गेला होता म्हणे. मी गेलो नाही. कुरोसे मालक पुढे प्रांताच्या कौन्सिलात निवडून आले आणि म्हातारपणी अंथरुणात वारले.

चार-पाच वर्षांत बोलपट आले आणि आमचा धंदा बसला. मी गावोगाव फिरून पोटदुखीचं औषध विकायला लागलो. आवाज होताच. एकदा उएदा गावात थंडीनं काकडून एका सार्वजनिक न्हाणीघरात शिरलो. दाराशी जोडे घेणारा म्हातारा वाकलेला होता. त्यानं माझे फाटके बूट उचलले. उजव्या हाताला दोन बोटं नव्हती.

मला पळून जायचं होतं, पण बूट त्याच्याकडे होते.

"तोराकिची," मी म्हणालो.

त्यानं वर बघितलं नाही. "बूट ओले आहेत," तो म्हणाला. "शेगडीजवळ ठेवतो."

"मी त्या दिवशी..."

"मी तिथं थांबलो होतो, मास्तर," तो म्हणाला. आवाजात राग नव्हता, राग असता तर मला बरं वाटलं असतं. "टाळ्या संपल्यावरही थांबलो होतो. मला वाटलं, तुम्ही टाळ्या संपायची वाट बघताय. नेहमी बघता तशी."

त्यानं मला बिल्ला दिला. मी आंघोळ केली की नाही ते मला आठवत नाही. बाहेर आलो तेव्हा बूट वाळवून, बाहेरच्या दिशेला तोंड करून ठेवलेले होते आणि तो आत दुसऱ्या कुणाशी तरी बोलत होता. मी पाय घातले आणि निघालो. तेव्हाही मी काही बोललो नाही.

आता तोराकिची नाही, साकुमा नाही, ते थिएटरही नाही. ओताने आहे की नाही मला माहीत नाही, आणि शोधायची माझी छाती झाली नाही. साकुमानं विचारलं होतं, हे संहितेत आहे का.

नाही, साहेब. ते संहितेत नव्हतं. चपला माझ्या होत्या.